पोटगीच्या नोटिशीवर रामबाण उपाय: गरिबी

अभिनंदन! कौटुंबिक न्यायालयाची नोटीस हातात पडली, म्हणजे तुमच्या दारिद्र्याला रीतसर सुरुवात झाली. लग्न जमवताना ज्या पगाराचा आकडा सगळ्या नातेवाइकांना तोंडपाठ होता, तो आता कुणी विचारला तर आवंढा गिळायचा.

नोकरी सोडल्याचं दाखवा आणि मित्राच्या कंपनीत ‘सल्लागार’ व्हा. मानधन रोखीत घ्या. सरकारी नोकरीमुळे ते जमत नसेल तर कपाती वाढवा: सोसायटीचं कर्ज, गाडीचा हप्ता, भविष्यनिर्वाह निधीत अचानक उफाळून आलेली बचतीची आवड. 2017 च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयानं नवऱ्याच्या निव्वळ पगाराचा 25 टक्के वाटा योग्य मानला होता. तेव्हा निव्वळ पगार जितका रोडावेल तितकं बरं. न्यायाधीश अशा हौसेच्या कपातींकडे संशयानं बघतात, पण तो त्यांचा स्वभाव. फ्लॅटचं बक्षीसपत्र आईच्या नावे करून टाका. मातृप्रेम नोटिशीनंतरच्या आठवड्यातच का उचंबळलं, याचं उत्तर मात्र आधी पाठ करून ठेवा.

खरी कसोटी लागते ती शपथपत्रात. सर्वोच्च न्यायालयाच्या 4 नोव्हेंबर 2020 च्या निकालापासून दोन्ही बाजूंना आपली मिळकत, मालमत्ता आणि देणी शपथेवर उघड करावी लागतात. आयकर विवरणपत्रं, बँकेचे उतारे, वाहनं, गुंतवणुका, सगळं आलं त्यात. इथे हात आखडता घ्या. फक्त एक करा, फेसबुकवरचे थायलंडचे फोटो काढून टाका. समोरच्या वकिलांना हल्ली कायद्याच्या पुस्तकांपेक्षा तुमची प्रोफाइल जास्त पाठ असते, आणि शपथेवर खोटं बोलल्याबद्दल वेगळी कारवाई होऊ शकते.

‘मी बेरोजगार आहे’ असं म्हणताना जरा खोकत चला. धडधाकट माणसानं प्रसंगी अंगमेहनत करावी, पण बायको-मुलांना पोसावं, असं सर्वोच्च न्यायालय 2022 मध्येही बजावून बसलंय.

जुना काळ तुमच्यासारख्यांसाठी फार चांगला होता. फौजदारी प्रक्रिया संहितेतल्या पोटगीच्या कलम 125 खाली, काही राज्यांच्या दुरुस्त्या सोडल्या तर, 2001 पर्यंत महिना 500 रुपयांच्या वर पोटगी देताच येत नसे. इंदूरच्या दंडाधिकाऱ्यांनी 1979 साली शाहबानो यांना महिना 25 रुपये ठरवून दिले होते, आणि नवरा व्यवसायानं वकील! पुढे उच्च न्यायालयानं ते 179 रुपये 20 पैसे केले. ते 20 पैसे नेमके कोणत्या खर्चापोटी, याचं मला आजही कुतूहल आहे. आता मर्यादा गेली, 1 जुलै 2024 पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत कलमाचा आकडाही 144 झाला.

पण निराश होऊ नका. या सगळ्या युक्त्यांपेक्षा बिनखर्चाची आणि खात्रीची एक युक्ती आहे, ती म्हणजे वेळ. अंतरिम पोटगीचा अर्ज नोटीस बजावल्यापासून 60 दिवसांत निकाली काढावा, असं कायदा म्हणतो. पण त्याआधी ‘शक्यतो’ म्हणतो. त्या ‘शक्यतो’मध्ये संसार थाटा. वकील आजारी, तुम्ही आजारी, कागद मिळाले नाहीत, तडजोडीची बोलणी चालू आहेत (ती कधीच संपवू नका). 2014 मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर आलेल्या एका प्रकरणात पोटगीच्या निकालाला नऊ वर्षं लागली होती. न्यायालय भडकलं, पण नऊ वर्षं काही परत आली नाहीत. अडचण एवढीच की आता पोटगी अर्जाच्या तारखेपासून मोजतात, त्यामुळे थकबाकी फुगत जाते. ती बुडवून तुरुंगात गेलात तरी देणं फिटत नाही. मात्र वसुलीचा अर्ज रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत बायकोनंच करायचा असतो. तिची रजा, वकिलाची फी, मुलाच्या शाळेची वेळ, असं सगळं सांभाळून ती किती वेळा येईल? तुमची सगळी भिस्त तिच्या थकण्यावर.

भरायची वेळ आलीच तर नाण्यांत भरू नका. जयपूरला 2023 साली एका नवऱ्याच्या घरच्यांनी 55 हजारांची थकबाकी नाण्यांच्या पिशव्यांतून आणली होती. बातमी झाली, पण नाणे कायदा 2011 प्रमाणे रुपया आणि त्यावरची नाणी एका वेळी हजार रुपयांपर्यंतच कायदेशीर चलन ठरतात. सूड उगवायचा तर कायदा वाचून उगवावा.

आणि तिचा पगार तुमच्यापेक्षा जास्त असेल तर हिंदू विवाह कायद्याची कलमं 24 आणि 25 नवऱ्यालाही खुली आहेत. तुम्हीच पोटगी मागा. मसुदा तयार आहेच, तिच्या अर्जातली नावं बदला. फक्त ‘शिकलेली आहे, हातपाय धड आहेत, कमावून खाईल’ हे जे तुम्ही तुमच्या लेखी जबाबात लिहिलं होतं, तेवढं न्यायाधीशांच्या नजरेला पडू देऊ नका.