बर्फावरची सावली निळीच : एका प्रतिक्रियेला उत्तर

भाऊ, नमस्कार.

बर्फावरच्या सावल्या निळ्या असतात, असं मी माझ्या लेखात म्हटलं होतं. त्यावर तुमचा आक्षेप असा : नॉर्वेचा चित्रकार हॅराल्ड सोलबर्ग याच्या 1914 च्या हिवाळी रात्रीच्या चित्रातला आणि एकूणच उत्तरेकडच्या चित्रकारांच्या बर्फातला निळा रंग ही नुसती हौस आहे. त्याच काळातल्या स्वीडिश मूकपटांत बर्फावरच्या सावल्या फिकट दिसतात, आणि कॅमेरा काही खोटं बोलत नाही.

एक चूक आधी कबूल करतो. सोलबर्गचा निळा चांदण्या रात्रीचा आहे, दिवसाच्या सावलीचा निळा वेगळा. लेखात मी दोन्ही एकत्र केले.

पण कॅमेऱ्याचा दाखला चालणार नाही. त्या वेळची ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म निळ्या उजेडाला फार संवेदनशील होती आणि लाल तिला जवळजवळ दिसतच नसे. सावलीत थेट ऊन नसतं. तिथे पोचतो तो निळ्या आभाळाचा उजेड. तोच फिल्मवर जास्त उमटला, म्हणून सावली फिकी पडली. याच कारणाने त्या चित्रपटांतलं आभाळही कोरं पांढरं दिसतं. सगळे रंग टिपणारी पँक्रोमॅटिक फिल्म सर्रास वापरात आली ती 1920 च्या दशकाच्या उत्तरार्धात.

पडताळा घरच्या घरी घेता येईल. डिसेंबरात वेचलेला कापूस अंगणात पडलेला असतोच. आभाळ निरभ्र असताना सकाळी पावणेआठच्या आत ढिगाची सावली पाहा, पण कागदाच्या नळीतून, म्हणजे आजूबाजूचे रंग डोळ्याला फसवणार नाहीत. वेळ महत्त्वाची आहे, कारण सकाळी सूर्य खाली असतो आणि सावली उत्तरेकडच्यासारखी लांब पडते; दुपारी तसं होत नाही. 21 डिसेंबरला भर मध्यान्ही जळगावात सूर्य साधारण 45 अंशांवर असतो, म्हणून काठीची सावली काठीएवढीच पडते. नॉर्वेतल्या ऑस्लोत त्याच दिवशी तो सात अंशही चढत नाही आणि सावली काठीच्या आठ-साडेआठ पट लांबते. तिकडच्या चित्रांत अर्धा कागद सावलीनेच व्यापलेला असतो, तो यामुळे.

जलरंगात सावलीसाठी अल्ट्रामरीन (गडद निळा) घ्या आणि त्यात बर्न्ट सिएना (तांबूस तपकिरी) नावापुरती. सिएना वाढली की राखाडी चिखल होतो. झाडाच्या बुंध्याशी सावलीची कड धारदार ठेवा, लांब जाईल तशी मऊ करा. कोरा कागद फक्त उन्हाच्या कडांना राखा. सगळीकडे पांढरं सोडलं तर बर्फ चुनखडीसारखा दिसतो.

चैत्र-वैशाखात आपल्याकडे ही मऊ कड साधत नाही, वॉश, म्हणजे पातळ रंगाचा थर, पसरायच्या आतच सुकतो. 300 जीएसएमचा (म्हणजे जाड) कॉटन कागद दोन्ही बाजूंनी भिजवा, पेलाभर पाण्यात ग्लिसरीनचे चार-पाच थेंब टाका (जास्त झालं तर कागद चिकट राहतो) आणि कूलरचा झोत कागदावर येऊ देऊ नका. खोलीत कूलर चालू असलेला मात्र बरा, हवेत ओल राहते.

कापसाची सावली तुम्हाला कोणत्या रंगाची दिसली, ते जरूर कळवा.