मुहूर्त पुढे ढकलता येतो, फोटोग्राफर नाही

वधूपिते हो, मुलीचं लग्न ठरलं म्हणून लगेच गुरुजींकडे धाव घेऊ नका. पंचांग कुठे पळून जात नाही. आधी फोटोग्राफर धरा. त्याची तारीख मिळाली की तिच्यावर मुहूर्त बसवता येतो. काढीव मुहूर्ताची सोय पूर्वजांनी बहुधा याच दिवसांसाठी करून ठेवली होती.

हळद घरच्या बायकांवर सोपवू नका. पाटावर बसवायचं, आंब्याच्या पानाने हळद लावायची, नवऱ्याची उष्टी हळद नवरीकडे धाडायची, यात बघण्यासारखं काय आहे? सगळ्या गोतावळ्याला पिवळे कपडे सक्तीचे करा. आत्या हिरवं लुगडं नेसून आलीच तर तिला खांबाआड बसवा, फ्रेम बिघडते.

संगीत हवंच. ‘आपल्यात नसतं हे’ म्हणणारा एक काका प्रत्येक घरात असतो. त्याला सांगा, १९९४ पासून असतं. त्या साली ‘हम आपके हैं कौन’ आला, चौदा गाण्यांत लग्नघर कसं असावं ते दाखवून गेला आणि आपण पिढ्यान्‌पिढ्या अर्धवट लग्नं लावत होतो हे आपल्याला कळलं. आपल्याकडे नवरीचा भाऊ नवऱ्याचा कान पिळून मानपान उकळायचा. पण पडद्यावर कानपिळी कुणी गाऊन दाखवली नाही, तेव्हा तो विधी उरका आणि बूट चोरा. जावई कोल्हापुरी घालून येणार असेल तर त्याला चोरण्याजोगे बूट आपणच घेऊन द्या.

दागिन्यांचं म्हणाल तर सराफाकडे घडणावळीवरून घासाघीस नको, मालिकेचं नाव सांगा. २०१३ मध्ये ‘होणार सून मी ह्या घरची’ सुरू झाली आणि जान्हवीचं मंगळसूत्र फुटपाथवरच्या खोट्या दागिन्यांपासून सराफाच्या काचेपर्यंत नावानिशी मागितलं जाऊ लागलं. त्यासोबत येणाऱ्या अर्धा डझन सासवा मात्र कुणी मागितल्याचं ऐकिवात नाही. नऊवारीचंही तसंच. आजी जन्मभर नेसली तोवर ती गावंढळ होती. डिसेंबर २०१५ मध्ये ‘बाजीराव मस्तानी’तली काशीबाई नेसली आणि ती परंपरा झाली. मुलीसाठी शिवलेलीच घ्या. नेसवता येणारी आजी खांबाआड आत्याशेजारी आहे.

ड्रोनला पैसे कमी करू नका. परवा एका लग्नात तो इतका खाली उतरला की तिसऱ्या मंगलाष्टकालाच अंतरपाट उडून मामांच्या तोंडावर गेला आणि नवरानवरीने एकमेकांना मुहूर्ताआधी पाहिलं. दोघं मुळीच लाजली नाहीत. प्री-वेडिंगसाठी तीन दिवस गोव्याला जाऊन आली होती. अक्षता उडाल्या त्या थेट बुफेच्या मठ्ठ्यात.

आणि गुरुजींना आधीच समजावून ठेवा. त्याच लग्नात मंगळसूत्र बांधून झाल्यावर कॅमेरावाला म्हणाला, ‘सर, एकदा परत. हात आडवा आला.’ नवऱ्याने निमूट सोडलं, पुन्हा बांधलं. तिसऱ्यांदा ‘गुरुजी, मंत्र जरा सावकाश’ अशी फर्माईश आली, तेव्हा गुरुजींनी पोथी मिटली, चष्मा पुसला आणि मुलीच्या बापाला हळूच विचारलं, ‘यजमान, दक्षिणा एका लग्नाची ठरली होती ना?’