कुरोसावा कुरोसावा काय करता, मियागावा बघा

परवा रात्री 'राशोमोन' हा जपानी सिनेमा परत लावला, चौथ्यांदा बहुतेक. आणि नंतर ग्रुपवर चर्चा कशावर, तर त्याचा दिग्दर्शक कुरोसावा! अरे पण जंगलात पानांच्या फटीतून थेट सूर्यावर कॅमेरा धरणारा माणूस त्याचा कॅमेरामन काझुओ मियागावा होता ना. १९५० सालची गोष्ट, तेव्हा सूर्याकडे लेन्स केली तर फिल्म जळेल अशी भीती असायची लोकांना. जंगलात उजेड कमी पडला तर या पठ्ठ्याने आरसे लावून ऊन नटांच्या चेहऱ्यावर आणलं. आणि तो पडक्या दरवाज्यावरचा धो धो पाऊस, तो मागच्या फिकट आभाळात दिसेचना, मग पाण्यात काळी शाई मिसळली. परत बघाल तेव्हा धारा नीट बघा, कसल्या जाड दिसतात!

शाई सुचणारच म्हणा, क्योतोचा माणूस, लहानपणी शाईची चित्रकला शिकलेला. १९२६ ला निक्कात्सु स्टुडिओत लागला तो पण आधी लॅबमध्ये, फिल्म धुवायच्या कामाला. मला वाटतं पुढचं सगळं त्या लॅबमधून आलंय. १९६० मध्ये दिग्दर्शक इचिकावाच्या 'ओतोतो'साठी जुन्या काळासारखा विटलेला रंग हवा होता, तर याने प्रोसेसिंगमधली, फिल्मवरची चांदी काढायला लागणारी ब्लीचची पायरीच गाळली, चांदी फिल्मवर तशीच राहिली, रंग उडाले आणि काळा अजून गडद झाला. पस्तीस वर्षांनी हॉलिवूडच्या 'सेव्हन'मध्ये ही ट्रिक दिसली तेव्हा आपण कसले खूश झालो होतो.

पण मला खरा आवडतो तो त्याचा स्वतःची स्टाईल न मिरवण्याचा स्वभाव. दिग्दर्शक मिझोगुचीच्या 'उगेत्सु'मध्ये (१९५३) कॅमेरा क्रेनवर सारखा तरंगतोय, आणि दिग्दर्शक ओझुबरोबर एकच सिनेमा केला, १९५९ चा 'फ्लोटिंग वीड्स', त्यात कॅमेरा जमिनीलगत बसलाय तो हलायचं नाव नाही! त्यात रस्त्याच्या एका बाजूला नायक, दुसऱ्या बाजूला नायिका, मधे पाऊस, दोघं आपापल्या छपराखालून एकमेकांवर ओरडतायत आणि तिच्या हातात लाल छत्री. मी तिथे पॉज करून चहा टाकायला गेलो आणि परत आलो तर स्क्रीनवर नुसती ती छत्रीच दिसत होती, बाकी सगळं करडं. तेवढ्यात चहा उतू गेला, ते वेगळं.

कुरोसावाच्याच 'कागेमुशा'च्या वेळी मियागावाला डोळ्यांनी दगा दिला आणि त्याला शूटिंग सोडावं लागलं. डोळ्यांनी, बघा ना. गेला १९९९ ला, एक्क्याण्णव वर्षांचा होऊन.

'उगेत्सु' कोणी बघितला नसेल तर रात्री दिवे बंद करून बघा, मोबाईलवर नको प्लीज, धुक्यातल्या होडीचा सीन मोबाईलवर वाया जातो.