कॉमेडी करायची? आधी वडशात एक सीझन काढा

आजकाल कोणताही पोट्टा भेटला की म्हणते, "भाऊ, मले स्टँडअप करायचं हाय." कर ना बाप्पा! पण पुण्या-मुंबईच्या ओपन माइकवर पाच मिनिटं मिळावी म्हणून रांगेत उभं राहण्याआधी वडशाला एक सीझन काढ.

वडसा म्हणजे देसाईगंज. झाडीपट्टीच्या, म्हणजे पूर्व विदर्भाच्या, नाटक कंपन्यांची राजधानी. दिवाळी झाली की मंडया, म्हणजे गावोगावच्या जत्रा, सुरू होतात आणि थेट होळीपर्यंत गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, गोंदियाच्या गावागावांत नाटकं चालतात. दिवसा मंडई नाहीतर शंकरपट (बैलांची शर्यत), रात्री नाटक. पडदा दहाच्या पुढं उघडतो, संपता संपता पहाट होते.

आता विचार करा. रात्रीचे दोन वाजलेत, डिसेंबरची थंडी, लोक चादरी पांघरून बसलेत, नायिकेचं रडणं नुकतंच संपलंय. अशा वेळी एन्ट्री घ्यायची आणि पेंगणाऱ्या माणसाला हसवायचं. तालमी जेमतेम, भरवसा प्रॉम्प्टरवर. काल आरमोरीकडं टाळी घेतलेली जागा आज लाखांदूरकडं कोरडी जाऊ शकते. म्हणून हुशार विनोदी नट गावात उतरला की आधी पानठेल्यावर बसतो. गावात सध्या काय चाललंय, कोणाची कोणाशी खुन्नस आहे, सगळं तिथं कळतं. रात्री तेच स्टेजवर येतं.

गुरनोलीचे विनोदी नट परशुराम खुणे याच मातीतले. २०२३ ला पद्मश्री मिळाली तेव्हा बाकी महाराष्ट्राला त्यांचं नाव कळलं. पाच हजारांवर प्रयोग, आठशे भूमिका! आपण त्यांना 'विदर्भाचे दादा कोंडके' म्हणतो. दादा कोंडके थोरच, पण एवढं काम केलेल्या माणसाला अजून दुसऱ्याच्या नावानं ओळखायचं, हे मला खटकतं.

स्कॉटलंडमध्ये एडिनबरो फ्रिंज नावाचा मोठा महोत्सव दर ऑगस्टमध्ये भरतो. १९४७ साली आमंत्रण नसताना आठ नाट्यसंस्था तिथं जाऊन धडकल्या, तिथून तो सुरू झाला. जगभरचे कॉमेडियन तिथं जातात, खोली भाड्यानं घेतात, रस्त्यावर उभं राहून स्वतःचीच पत्रकं वाटतात, आणि कित्येक जण खिसा रिकामा करून घरी परततात. धोका कलाकाराचा.

आपल्याकडं उलटं आहे. गावातलं मंडळ कंपनीला रक्कम बांधून देतं, तिकिटं विकतं, आणि अवकाळी पाऊस आला तर बुडतंही मंडळच. नटाची नाईट, म्हणजे एका रात्रीचं मानधन, ठरलेली असते. जागा तयार करणं, बिछायत, परवानगी, शेजारच्या गावातही त्याच रात्री नाटक असेल तर गर्दी कशी ओढायची, हे सगळं धानाच्या चुकाऱ्याची, म्हणजे विकलेल्या धानाच्या पैशाची, वाट बघणारी पोरं करतात. त्यांना कोणी फेस्टिव्हल प्रोड्यूसर म्हणत नाही, पण काम तेच आहे. म्हणून मला वाटतं, विनोदी नटानं पुढं स्वतःची कंपनी काढावी. कुठं लोक हसतील आणि कुठं उठून चहाला जातील, हे त्याच्याइतकं कोणत्या शेठला कळणार?

सगळं गोड आहे असं नाही. डबल मिनिंगचा सोपा रस्ता बरेच जण धरतात. बायाबापड्या पोरांना घेऊन बसलेल्या असतात, त्या मान खाली घालतात. त्याला हशा म्हणू नका. दुसरं म्हणजे मुंबईच्या सीरियलमधला चेहरा. पोस्टरवर त्याचा फोटो हा एवढा मोठा, पैसाही तिकडंच जातो. रात्रभर नाटक खांद्यावर वाहून नेणाऱ्या आपल्या माणसाचं नाव खाली, बारीक अक्षरात.

तेव्हा मंडळवाल्यांनो, यंदा तारीख घ्यायला वडशाला जाल तेव्हा 'हिरोईन कोण?' नंतर विचारा. आधी विचारा, कॉमेडीला कोण आहे? आणि पोस्टरवर त्याचा फोटो हिरोएवढाच मोठा छापून मागा.