यामानाका म्हणजे फक्त ‘ओझूचा मित्र’?

एका लेखात जपानी दिग्दर्शक सादाओ यामानाकाला ‘ओझूचा मित्र’ (म्हणजे यासुजिरो ओझू, तोही जपानी दिग्दर्शक) म्हणून एका ओळीत गुंडाळलंय, ते खटकलं. पठ्ठ्या १९३८ साली चीनमध्ये सैनिक म्हणून असताना आमांशाने गेला, अवघ्या २८व्या वर्षी. वीसहून जास्त चित्रपट केले, धड उरले तीन. नाव मागे राहणार कसं?

पण ‘माणुसकी आणि कागदी फुगे’ (१९३७) बघाच. चाळीत एका सामुराईने गळफास घेतलाय आणि शेजारी तेराव्याचं निमित्त करावं तसं घरमालकाकडून दारू उकळून रात्रभर धिंगाणा घालतात. तलवारबाजी जवळपास नाहीच. शेवटी गटारातून वाहत जाणारा तो फुगा... आणि हो, अभिनेत्री सेत्सुको हारा ओझूकडे यायच्या १३ वर्षं आधी यामानाकाच्या चित्रपटात होती, जेमतेम १५ वर्षांची!