शिवेपलीकडचा फुटबॉल

रविवार, दुपारचा एक. पोहे खाऊन झालेत, चिवड्याचा डबा मांडीवर आहे, अंगात फिलाडेल्फियाच्या ईगल्स या अमेरिकन फुटबॉल संघाची हिरवी जर्सी आहे, आणि टीव्हीवर न्यू यॉर्कचे जेट्स खेळतायत. जेट्सही हिरवेच, पण तेवढ्यावर समाधान मानणारा चाहता अजून जन्माला यायचाय. रिमोट बडवू नका, सेल बदलू नका. चूक आज झालेली नाही, घर घेताना झाली आहे.

अमेरिकेतला टीव्ही तुम्ही कुणाचे भक्त आहात हे विचारत नाही. झोपता कुठल्या काउंटीत, एवढंच विचारतो. नील्सन नावाच्या कंपनीने अख्ख्या देशाचे २१० तुकडे पाडलेत आणि प्रत्येक तुकड्याला 'मार्केट' म्हणतात. आपल्याकडे सातबारा पाहून जमीन कुणाची ते ठरतं, इथे मार्केट पाहून मॅच कुणाची ते ठरतं. फेरफार करून मिळत नाही.

हा प्रकार सोलून पाहायचा तर मध्य न्यू जर्सीत या. प्लेन्सबरो आणि वेस्ट विंडसर ही शेजारची गावं, दोन्हीकडे मराठी घरं भरपूर. शाळांचा जिल्हासुद्धा दोघांचा एकच, नावातच दोन्ही गावं आहेत. पण प्लेन्सबरो मिडलसेक्स काउंटीत, म्हणजे न्यू यॉर्कच्या मार्केटात, आणि वेस्ट विंडसर मर्सर काउंटीत, म्हणजे फिलाडेल्फियाच्या. एका बाकावर बसणाऱ्या दोन पोरांपैकी एकाच्या घरी जायंट्स आणि जेट्स, दुसऱ्याच्या घरी ईगल्स. ६ सप्टेंबर २०२४ ला ईगल्स ब्राझीलमध्ये साओ पाउलोला ग्रीन बे पॅकर्सशी खेळले. मॅच पीकॉक या पैसे भरून बघायच्या सेवेवर. पण खेळणाऱ्या दोन्ही संघांच्या घरच्या मार्केटात ती फुकटच्या चॅनलवरही दाखवायची, असा एनएफएलचा, म्हणजे या फुटबॉलच्या व्यावसायिक लीगचा, नियम आहे. म्हणजे वेस्ट विंडसरात एनबीसीवर फुकट, आणि शीव ओलांडली की प्लेन्सबरोत क्रेडिट कार्ड काढा! गुरुवारी रात्रीच्या प्राइम व्हिडिओवरच्या आणि सोमवारच्या ईएसपीएनवरच्या सामन्यांनाही हाच न्याय.

रविवार दुपारचं गणित वेगळं. सामने सीबीएस आणि फॉक्स या दोन जाळ्यांकडे असतात. एकाच वेळी देशभर पाच-सात सामने चालू, आणि तुमच्या गावात प्रत्येक जाळ्याचं चॅनल एकच. त्यामुळे एक वाजता फार तर दोन सामने दिसतात. चार वाजताच्या खेपेला त्या आठवड्यात ज्या जाळ्याकडे डबल हेडर (लागोपाठ दोन सामने) असेल त्याचा सामना ४:२५ ला, दुसऱ्याचा असलाच तर ४:०५ ला. स्थानिक संघ खेळत असेल तर त्या चॅनलवर दुसरं काही दाखवायची सोयच नाही. आता प्लेन्सबरोकरांचं दुर्दैव पाहा. न्यू यॉर्क मार्केटात संघ दोन, आणि दोघांनाही दाखवणं भाग. एक वाजता फॉक्सवर जायंट्स आणि सीबीएसवर जेट्स लागले की दोन्ही खुर्च्या भरल्या, बाकीच्या देशाने बाहेर उभं राहायचं. वर हे दोन्ही 'न्यू यॉर्क'चे संघ खेळतात न्यू जर्सीत, ईस्ट रदरफर्डच्या मैदानावर. मैदान आमचं, नाव त्यांचं, आणि दुपार वाया जाते ती पुन्हा आमची.

याच्यावर कडी म्हणजे ४:२५ ची कात्री. समजा आधीची मॅच रंगलीय, दोन मिनिटं उरलीत, चेंडू गोलरेषेपासून चार यार्डांवर आहे. पण त्याच चॅनलवर ४:२५ ला तुमच्या स्थानिक संघाचा सामना असेल, तर चित्र खटकन तिकडे जातं. हा संपादकाचा उर्मटपणा नाही, नियमच आहे: स्थानिक संघाचा किकऑफ, म्हणजे सामन्याची सुरुवात, स्थानिक प्रेक्षकाला दिसलाच पाहिजे. पूर्वी ही वेळ ४:१५ होती, २०१२ मध्ये दहा मिनिटं पुढे ढकलली, ती या कात्रीत कमी सामने सापडावेत म्हणूनच. फुटबॉलची शेवटची दोन मिनिटं घड्याळात किती चालतात हे ठाऊक असलेला माणूस त्या दहा मिनिटांवर विसंबत नाही.

प्रत्येक मराठी गेट-टुगेदरमध्ये एक काका असतात. ते भजी उचलता उचलता सांगतात, "तिकिटं विकली गेली नसणार, म्हणून दाखवत नाहीत." काकांचं ज्ञान खोटं नाही, शिळं आहे. एके काळी घरच्या मैदानावरचा सामना ७५ मैलांच्या परिघात दाखवतच नसत, सगळी तिकिटं खपली असली तरी. टीव्हीवर फुकट दिसलं तर मैदानात कोण येईल, ही भीती. न्यू यॉर्कचे लोक जायंट्सची घरची मॅच पाहायला कनेक्टिकटच्या मोटेलात खोल्या घ्यायचे. १९६७ चा पहिला सुपर बोल, म्हणजे मोसमाचा अंतिम सामना, लॉस एंजेलिसमध्ये झाला, आणि लॉस एंजेलिसकरांच्या टीव्हीवर लागला नाही. डिसेंबर १९७२ मध्ये वॉशिंग्टनच्या प्लेऑफवरची (बाद फेरीच्या सामन्यावरची) बंदी उठवा, असं खुद्द निक्सन सरकारच्या अॅटर्नी जनरलनी लीगला सांगून पाहिलं. निक्सन त्या संघाचे चाहते. लीगचे कमिशनर पीट रोझेल यांनी नाही म्हटलं. मग १९७३ मध्ये संसदेने कायदा केला: किकऑफच्या ७२ तास आधी तिकिटं संपली तर गावात दाखवायचं. अर्थसंकल्प वर्षभर रेंगाळेल, पण फुटबॉल अडला की अमेरिकेची संसद कशी चपळ होते पाहा.

या ७२ तासांनी पुढे बऱ्याच गमती केल्या. जानेवारी २०१४ मध्ये ग्रीन बेची प्लेऑफ मॅच. वर्षाच्या तिकिटांसाठी लोक पिढ्यानपिढ्या रांगेत असतात तो हा संघ. तरी थंडी अशी की तिकिटं उरली. मुदत वाढवली, शेवटी कंपन्यांनी उरलेली तिकिटं उचलली, तेव्हा गावाला मॅच दिसली. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये एफसीसी या सरकारी आयोगाने केबलवाल्यांना अशी बंदी पाळायला लावणारा आपला १९७५ चा नियम रद्द केला, आणि २०१५ पासून लीगनेही ती बंदी गुंडाळून ठेवली. तेव्हा काकांना भजी द्या, विषय बदला.

७५ मैलांचा आकडा मात्र एका कोपऱ्यात अजून जिवंत आहे. १९६१ च्या कायद्याने लीगला सगळ्या संघांचे हक्क एकत्र विकायची सूट दिली. बदल्यात सप्टेंबरच्या दुसऱ्या शुक्रवारपासून डिसेंबरच्या दुसऱ्या शनिवारपर्यंत शुक्रवारी संध्याकाळी सहानंतर आणि शनिवारी दिवसभर, शाळा-कॉलेजच्या सामन्यांच्या ७५ मैलांत व्यावसायिक सामना प्रक्षेपित केला तर ती सूट लागू होत नाही. थँक्सगिव्हिंगच्या दुसऱ्या दिवशीचा, म्हणजे शुक्रवारचा, सामना दुपारी तीनला का सुरू होतो, याचं उत्तर त्या सहामध्ये आहे. आणि साओ पाउलोचा तो शुक्रवार महिन्यातला पहिला होता, दुसरा नव्हे. पंचांग पाहिल्याशिवाय लीगही मुहूर्त काढत नाही. (भारतात उलटं. २००७ चा कायदा सांगतो की राष्ट्रीय महत्त्वाचे सामने खासगी वाहिनीने प्रसार भारतीला द्यायचेच. इथे लपवायचं कसं यावर कायदा, आपल्याकडे वाटायचं कसं यावर.)

आता सगळ्यात चिडीचा प्रकार. चॅनलच गायब, आणि जागी निळी पाटी: 'तुमचं आवडतं चॅनल आम्ही तुमच्यासाठी भांडून परत आणू.' स्थानिक स्टेशनचं चित्र पुढे पोचवायला केबलवाल्याला स्टेशनची परवानगी लागते, ही १९९२ च्या कायद्याची देणगी. परवानगी म्हणजे दर ग्राहकामागे पैसे. करार संपले की भांडण, आणि भांडणाला मुहूर्त नेमका फुटबॉल सुरू होताना, कारण तेव्हाच ग्राहक बोंब मारतो. ३१ ऑगस्ट २०२३ ला स्पेक्ट्रम या केबल कंपनीवरून डिस्नीची चॅनलं गेली, ईएसपीएन आणि न्यू यॉर्कचं एबीसी ७ सुद्धा. ती परतली ११ सप्टेंबरला, जेट्सच्या पहिल्या सामन्याच्या काही तास आधी. ज्यांनी सुटकेचा श्वास सोडला त्यांनी मग काय पाहिलं? जेट्सचा नवा क्वार्टरबॅक, म्हणजे चेंडू फेकणारा मुख्य खेळाडू, अॅरन रॉजर्स चौथ्याच खेळीला जखमी होऊन अख्ख्या मोसमातून बाद.

"मग संडे तिकीट घेतो," असं म्हणाल. ही रविवारचे सामने दाखवणारी पैसे भरायची सेवा. घ्या, पण बाहेरगावचे सामनेच त्यात असतात हे समजून घ्या. २०२३ मध्ये ते यूट्यूबकडे गेलं तेव्हा नुसतं घेतलं तर ४४९ डॉलर होतं. तुमच्या मार्केटातल्या सीबीएस-फॉक्सवर जो सामना लागतो तो त्यात दिसत नाही, केबलच्या भांडणात तुमच्याकडे ते चॅनल बंद असलं तरी नाही. केबलवाला म्हणतो चॅनल नाही, तिकीटवाला म्हणतो ते तर तुमच्या गावात लागलंय. आई जेवू घालीना, बाप भीक मागू देईना. २०२४ मध्ये लॉस एंजेलिसच्या ज्युरीने या तिकिटाच्या खटल्यात ग्राहकांच्या बाजूने ४.७ अब्ज डॉलरचा निकाल दिला, महिन्याभराने न्यायाधीशांनी तो फिरवला. आनंद मिळाला तो तेवढा महिनाभर.

माझं मत विचाराल तर खरा इलाज छपरावर आहे: अँटेना. लहरींना काउंटी कळत नाही. प्लेन्सबरोच्या शिवेवरून मॅनहॅटनचे मनोरे ईशान्येला ४५ मैलांच्या आसपास, आणि फिलाडेल्फियाच्या रॉक्सबरोचे मनोरे नैऋत्येला ३५ ते ४० मैलांवर. ईगल्स हवे असतील तर तोंड नैऋत्येला. खिडकीला चिकटवायचा कागदासारखा पातळ अँटेना इतक्या लांबून घेऊ नका. घराच्या भिंतीत चकचकीत फॉइल लावलेलं इन्सुलेशन असेल तर तो कुठेही चिकटवा, उपयोग नाही. माळ्यावर किंवा बाहेर दांड्यावर लावा, आरजी-६ केबल वापरा. बूस्टर लागलाच तर अँटेनाच्या बुडाशी लावा, टीव्हीमागे नव्हे. केबलीत मेलेला सिग्नल टीव्हीपाशी मोठा करून फक्त खरखर मोठी होते.

फिलाडेल्फियाचे सीबीएस ३ आणि फॉक्स २९ आता खरं तर यूएचएफवर, म्हणजे आखूड लहरींवर, आहेत, त्यांना छोटे दांडे चालतात. एबीसी ६ मात्र अजून खरोखर ६ वरच आहे. त्याची लहर साडेतीन मीटरची, म्हणून सशाचे कान (टीव्हीवरचा दोन दांड्यांचा अँटेना) वापरत असाल तर प्रत्येक कान ३३ इंच ओढायचा. आणि त्या चॅनलवर मॅच चालू असताना कुणाला चटणी वाटू देऊ नका. मिक्सरच्या मोटरमध्ये ठिणग्या उडाल्या की पडद्यावर क्वार्टरबॅकचे चौकोनी तुकडे होतात. स्वस्त एलईडी दिवेही तेच पाप करतात.

दोन्ही शहरं हवीत म्हणून दोन अँटेने घेऊन एका स्प्लिटरने जोडायचा मोह होईल. तसं केलं की एकच सिग्नल दोन वाटांनी थोडा पुढेमागे येतो आणि स्वतःलाच खातो. मधे साधा ए-बी स्विच टाका, तो एका वेळी एकच अँटेना जोडतो. मात्र बऱ्याच टीव्हींत नव्याने स्कॅन केलं की जुनी यादी पुसली जाते, तेव्हा दुसऱ्या अँटेनावर 'चॅनल वाढवा' हा पर्याय असेल तर तो निवडा. सोसायटीची नोटीस आली तर घाबरू नका. १९९६ पासून एफसीसीचा नियम तुमच्या बाजूने आहे, जागा फक्त तुमच्या एकट्याच्या ताब्यातली हवी. सगळ्यांच्या सामाईक छपराला तो लागू नाही.

आणि हे काहीच जमत नसेल तर एनएफएल प्लस ही लीगची स्वतःची सेवा आहे. स्थानिक सामने त्यावर दिसतात, फक्त फोनवर किंवा टॅबलेटवर. मोठ्या टीव्हीवर टाकता येत नाहीत. मार्केट कुठलं हे तो फोनच्या जागेवरून ठरवतो, घराच्या पत्त्यावरून नाही. प्लेन्सबरोहून काही मिनिटं गाडी चालवली की प्रिन्स्टन जंक्शन स्टेशन येतं, आणि ते वेस्ट विंडसरात आहे. गाडी पार्किंगमध्ये लावा, फोन डॅशबोर्डला टेकवा, ईगल्स सुरू. पूर्वीच्या न्यू यॉर्ककरांना मोटेलचं भाडं पडायचं, आपलं पार्किंगवर भागतं. चिवड्याचा डबा न्या, चार्जरही न्या. बरोबरी झाली तर ओव्हरटाइम आणखी दहा मिनिटांचा असतो.