काकांनी चार्जर फडताळात ठेवला, म्हणून हे लिहितोय

गणपतीला देवगडला गेलो तेव्हा काकांसाठी 65 वॅटचा छोटा गॅन (गॅलियम नायट्राईडवर चालणारा) चार्जर घेऊन गेलो होतो. दोन काडेपेट्यांएवढा, दोन टाईप-सी पोर्टवाला. म्हटलं माझा लॅपटॉप आणि त्यांचा फोन एकाच बोर्डावर होईल, वायरींचं जंगल नको. दुसऱ्या दिवशी बघतो तर चार्जर प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून फडताळात, आणि फोनला बाजारातून 120 रुपयांना आणलेला पांढरा चार्जर लावलेला. का, तर वाडीच्या ग्रुपवर "एका निवृत्त इंजिनिअरचा सल्ला, जास्तीत जास्त पुढे पाठवा" आला होता.

सल्ला थोडक्यात असा: जास्त वॅटचा चार्जर लहान फोनची बॅटरी जाळतो. आकाराने लहान चार्जर नकलीच, खरा चार्जर जड असतो. गॅनमधलं गॅलियम विषारी असून त्यातून किरणं निघतात. फास्ट चार्जिंगने बॅटरी वर्षात मरते. विजा चमकताना चार्जर काढा. आणि शेवटी, बाजारातला साधा 5 व्होल्टचा कुठलाही चार्जर सगळ्यात सेफ. शेवटच्या वाक्याने माझं डोकं फिरलं, पण त्यावर नंतर येतो.

आधी काकांचा हिशोब. "अरे, हो पासष्ट वाटचो, माजो फोन पंचवीसचो. उरलेले चाळीस वाट खंय जातले? बॅटरीतच ना?" ऐकायला बरोबर वाटतं, म्हणूनच हा फॉरवर्ड एवढा पळतो. पण वॅट म्हणजे चार्जर फोनात काय कोंबतो ते नाही, मागितलं तर जास्तीत जास्त किती देऊ शकतो ते. पंगतीतला वाढपी डोळ्यासमोर आणा. त्याच्या हातातलं पातेलं मोठं आहे म्हणून तुमच्या पानात जास्त भात पडत नाही, तुम्ही आडवा हात धरला की तो पुढे जातो. आणि हा वाढपी आपल्या लग्नातल्यासारखा आग्रहवाला पण नाही. यूएसबी पॉवर डिलिव्हरी, म्हणजे पीडी, नावाची जी पद्धत आहे त्यात सुरुवात 5 व्होल्टनेच होते, मग चार्जर सांगतो की माझ्याकडे 5, 9, 15, 20 व्होल्ट आहे, फोन किंवा लॅपटॉप त्यातलं काय झेपतं ते मागतो आणि तेवढंच येतं. ज्याला ही भाषाच कळत नाही अशा जुन्या फोनला शेवटपर्यंत 5 व्होल्टच मिळतो.

काकांना हे पटेना, मग बॅगेतला टाईप-सी मीटर मधे लावला. चष्मा कपाळावर चढवून काका बघत बसले. आधी 5 व्होल्ट, दोनेक सेकंदात 9 च्या आसपास, आणि वॅटचा आकडा 21 वर जाऊन थांबला. पासष्ट कुठेच नाही. फोन 85 टक्क्यांच्या वर गेल्यावर तोच आकडा 7 वर आला, कारण बॅटरी भरत आली की फोन स्वतःच मागणं कमी करतो. मग फोन काढून तीच केबल लॅपटॉपला लावली तर मीटरवर 20 व्होल्ट. काका काही बोलले नाहीत, पण चहा आणायला सांगितला, म्हणजे थोडं पटलं.

"जड तोच खरा" हे एके काळी खरं होतं. जुन्या चार्जरमध्ये लोखंड-तांब्याचा ट्रान्सफॉर्मर असायचा, तो लाईनच्या 50 हर्ट्झवर, म्हणजे सेकंदाला 50 फेऱ्यांवर, चालायचा म्हणून मोठा आणि वजनदार. आताचा चार्जर आत वीज सेकंदाला लाखभर वेळा किंवा त्याहून जास्त चालू-बंद करतो, आणि जितकं भरभर तितका ट्रान्सफॉर्मर लहान लागतो. सिलिकॉनपेक्षा गॅलियम नायट्राईड हे काम कमी तापून आणि जास्त वेगात करतं, म्हणून चार्जर लहान. यात नकलीपणा काही नाही.

आणि विष, किरणं वगैरे. ज्या एलईडी बल्बखाली बसून हा फॉरवर्ड वाचला ना, त्याच्या आतही गॅलियम नायट्राईडच आहे. निळा एलईडी त्यातूनच बनला, 2014 चं फिजिक्सचं नोबेल त्याच्यासाठी अकासाकी, अमानो आणि नाकामुरा यांना मिळालं, आणि त्या निळ्यावर पिवळा लेप देऊन आपला पांढरा बल्ब होतो. गणपतीवरच्या माटवीला लावलेल्या एलईडीच्या माळेत पण तेच. किरणांची एवढी भीती असेल तर समई लावून बसा.

फास्ट चार्जिंगने बॅटरी मरते यात अर्धं खरं आहे, नाइलाजाने मान्य करतो. उष्णता बॅटरीचं आयुष्य खाते, आणि जोरात चार्जिंग म्हणजे उष्णता जास्त. पण फोन तापला की स्वतः वेग कमी करतो. मे महिन्यात पत्र्याखाली, जाड कव्हर घालून, त्यावर यूट्यूब लावून चार्ज केलात तर कुठलाही चार्जर असो बॅटरी शिजणारच. बऱ्याच फोनमध्ये 80 टक्क्यांवर थांबवायची सेटिंग असते, ती लावा. विजांचं तर शंभर टक्के बरोबर. पावसाच्या सुरुवातीला आणि परतीच्या पावसात आपल्याकडे जो गडगडाट होतो तेव्हा प्लग काढाच, नुसतं बटण बंद करून भागत नाही.

आता ते शेवटचं वाक्य. "बाजारातला कुठलाही."

काकांचा तो 120 रुपयांचा चार्जर लावला की फोन पागल व्हायचा. बोट एकीकडे, टच दुसरीकडे. एकदा रात्री अकरा वाजता आपोआप सोसायटीच्या चेअरमनना व्हिडिओ कॉल लागला, काका बनियनवर, चेअरमन झोपेतून उठलेले. काकांना वाटलं फोन कोणीतरी हॅक केलाय. हॅक कसला, असल्या चार्जरमधून येणारी वीज इतकी गढूळ असते की स्क्रीनला बोट कुठलं आणि गोंधळ कुठला तेच कळत नाही. पण हे पण सोडा. चार्जरच्या एका बाजूला 230 व्होल्ट आणि दुसऱ्या बाजूला तुमच्या हातातला फोन, आणि मधे फक्त ट्रान्सफॉर्मरचं इन्सुलेशन आणि काही मिलीमीटरची मोकळी जागा. पैसे वाचवायला कात्री पहिली तिथेच लागते. त्यात आपली खारी दमट हवा, पावसाळ्यात भिंतीला ओल, पाय उघडे आणि जमीन थंड. अशा घरात वायरला लावलेला फोन कानाला लावून बोलणाऱ्या सत्तरीच्या माणसाला तुम्ही सांगताय की हाच सगळ्यात सेफ?

कोण खरा, कोण खोटा हे ओळखायला निवृत्त इंजिनिअर लागत नाही. केंद्र सरकारचा कम्पल्सरी रजिस्ट्रेशनचा आदेश आहे, असले अ‍ॅडॅप्टर बीआयएसकडे, म्हणजे भारतीय मानक ब्यूरोकडे, नोंदवल्याशिवाय देशात विकताच येत नाहीत. चार्जरवर बीआयएसचं चिन्ह आणि "आर" पुढे आठ आकडे छापलेले असतात. बीआयएस केअर नावाचं फुकट अ‍ॅप आहे, त्यात तो नंबर टाकला की कंपनी आणि वस्तू दिसते. ती चार्जरवरच्या नावाशी जुळवून बघा, कारण नंबर पण ढापलेले असू शकतात. माझ्या छोट्या चार्जरचा नंबर काकांकडूनच टाकून घेतला, निघाला. त्यांच्या पांढऱ्या चार्जरवर नंबरच नव्हता, नुसतं "सीई" छापलेलं. सीई हे युरोपचं, तेही बनवणाऱ्याने स्वतःच छापायचं असतं, आपल्याकडे त्याला काही किंमत नाही.

एक गोष्ट मात्र फॉरवर्डवाल्याने सांगायला हवी होती ती सांगितली नाही, की सगळं सगळ्याला चालतं असं नाही. लॅपटॉपच्या जुन्या चार्जरवर व्होल्ट आणि अँपियर लिहिलेले असतात, गुणाकार करा. 20 गुणिले 3.25 म्हणजे 65 वॅट, ऑफिसच्या बहुतेक लॅपटॉपना तेवढं पुरतं, गेमिंगवाल्याला नाही पुरणार. आणि काही लॅपटॉपचं टाईप-सी पोर्ट नुसतं डेटासाठी असतं, ते आधी बघा. दुसऱ्या पोर्टला फोन लावला की 65 चे साधारण 45 आणि 20 होतात, लॅपटॉपचं चार्जिंग क्षणभर तुटून परत येतं, घाबरू नका. सॅमसंगला फुल स्पीड हवा असेल तर चार्जरच्या खोक्यावर पीपीएस (पीडीचाच एक प्रकार) लिहिलेलं हवं. वनप्लस, ओप्पो, रिअलमी यांचा फुल स्पीड त्यांच्याच चार्जरवर मिळतो, बाकीच्यांवर हळू होतं, पण होतं. केबल 60 वॅटची असेल तर 100 चा चार्जर घेऊन पण 60 च मिळणार.

निघायच्या दिवशी काकांनी नवा चार्जर स्वतः बोर्डाला लावला. मग हातात पांढरा घेऊन म्हणाले, "मगे ह्या जुन्याचां काय करूचां? गडग्यापलीकडच्या वैनीक देतंय, तिच्याकडे एकच आसा."

तो मी माझ्या बॅगेत टाकला.